सागरसरटाची चिठ्ठी

ईरण्णा मास्तरांच्या चिठ्ठ्यांची मागची बाजू मी उतरून घेतली नाही. अकराशेच्या आसपास चिठ्ठ्या होत्या. प्रत्येकीची पुढची बाजू मी वळणदार अक्षरात वहीत लिहिली आणि मागची सोडून दिली. "दोन्ही बाजू घ्या हं, केशवराव," असं त्यांनी मला बजावलं होतं आणि मी "होय" म्हटलं होतं. ही चूक विसरण्यातून झाली नाही, घाईतूनही नाही. मी ती विचार करून केली आणि पुढे जवळजवळ दहा वर्षं गप्प राहिलो.

मास्तरांविषयी लिहायचं तर हे आधी सांगणं भाग आहे. हे झाकून मी त्यांचे गुण गायला लागलो, तर तेही पुन्हा एकाच बाजूचं लिहिणं होईल.

मी सोलापूरला शाळेत लागलो तेव्हा पंचविशीत होतो. पुण्याच्या कॉलेजातून शास्त्राची पदवी घेऊन आलो होतो आणि ती पदवी मी कोटासारखी अंगावर घालून हिंडत असे. कोटही नवा होता. पहिल्याच दिवशी शिक्षकांच्या खोलीत एक लहान चणीचे गृहस्थ माझ्याजवळ आले. काळा बंद गळ्याचा कोट, धोतर, डोक्याला पांढरा रुमाल गुंडाळलेला, कपाळावर विभूतीचे पट्टे. नमस्कार झाला. मग त्यांनी काही न विचारता माझ्या कोटाचं टोक धरलं, उलटलं आणि आतलं अस्तर चिमटीत धरून पाहिलं.

"कापड पुण्याचं आहे," ते म्हणाले. "अस्तर मात्र आपल्या इथल्या गिरणीतलं. बरं आहे. टिकेल."

हे ईरण्णा मास्तर. शाळेत शास्त्र आणि भूगोल शिकवत. मूळचे वळसंगचे. घरात कानडी, शाळेत मराठी आणि पुस्तकात इंग्रजी, असं तिन्ही ठिकाणी त्यांचं येणं-जाणं होतं. मराठीबद्दल कुणी त्यांना चिडवलं तर ते म्हणत, "मराठी माझी शेजारीण आहे. शेजारणीकडून आणलेलं भांडं विसळून, पुसून, उलटंसुलटं बघून परत करावं लागतं. घरच्या भांड्याकडे कोण बघतो?"

उलटून बघण्याची त्यांची सवय सगळ्या शाळेला माहीत होती. पत्र आलं की ते आधी पाकिटाची मागची बाजू बघत. झाडाचं पान हातात आलं की पालथं करत. त्यांच्या पत्नी गौरव्वा सांगत की लग्नाला तीस वर्षं झाली, तरी ताटात वाढलेली भाकरी ते अजून उलटून बघतात. मास्तर त्यावर ठरलेलं उत्तर देत, "भाकरी, कापड आणि शब्द, तिन्ही उलटून बघावं. वरून सगळंच भाजलेलं दिसतं."

शब्द हे त्यांचं खरं काम. इंग्रजी शास्त्राच्या पुस्तकातल्या शब्दांना मराठी शब्द शोधायचे आणि एकेका चिठ्ठीवर लिहून ठेवायचे, हा उद्योग त्यांनी वीस वर्षं चालवला होता. चिठ्ठ्या विकतच्या कागदाच्या नव्हत्या. सुताच्या गठ्ठ्यांना गुंडाळून जो जाड कागद येतो, तो त्यांना विणकर मंडळी ठेवून देत. त्याचे सारखे तुकडे कापून ते वापरत. पुढच्या बाजूला इंग्रजी शब्द, मराठी शब्द आणि एका ओळीत अर्थ. मागच्या बाजूला तो शब्द कुठे वापरावा, कुठे वापरू नये, आणि त्याखाली तीन माणसांची नावं.

ही तीन माणसं म्हणजे त्यांची परीक्षा होती. नवा शब्द ते इंग्रजी न येणाऱ्या तिघांना ऐकवत आणि विचारत, "काय समजलं?" पहिली मलकव्वा, बाजारात भाजी विकणारी. दुसरा नरसय्या, साखर पेठेत हातमागावर बसणारा पद्मशाली. तिसरा ठरलेला नसे. "तिसरा रस्त्यावर भेटेल तो," मास्तर म्हणत. "ओळखीची माणसं आपल्याला सांभाळून घेतात. अनोळखी घेत नाहीत."

जो शब्द अजून तिघांना ऐकवून झाला नसेल, त्याची चिठ्ठी ते डोक्याच्या रुमालाच्या घडीत खोचत. तिघं झाले की चिठ्ठी खिशात जाई. डोक्यावरचा शब्द कच्चा, खिशातला पक्का. सकाळी शाळेत येताना त्यांच्या कानावर कागदाचं टोक दिसलं की ड्रॉइंग मास्तर म्हणत, "आज ईरण्णांच्या डोक्यात काहीतरी आहे."

"रोजच असतं," मास्तर म्हणत. "आज ते बाहेर आलंय इतकंच."

मी एकदा त्यांच्याबरोबर बाजारात गेलो होतो. त्या दिवशी घडीत 'केशाकर्षण' होतं. बारीक नळीत पाणी आपोआप वर चढतं, त्याला पुस्तकातून हा शब्द येऊ लागला होता. मास्तर मलकव्वासमोर उकिडवे बसले. तिच्या पाटीत शेपू आणि वांगी होती.

"मलकव्वा, केशाकर्षण म्हणजे काय असेल?"

"केस वढायचं," मलकव्वा म्हणाली. "शाळंत मास्तर पोरांच्या झिंज्या धरून वढतोय त्येच की."

मी हसलो. मास्तर हसले नाहीत. त्यांनी चिठ्ठी काढून मागच्या बाजूला तिचं उत्तर जसंच्या तसं लिहिलं. मग आम्ही नरसय्याकडे गेलो. तो मागाच्या खड्ड्यात पाय सोडून बसला होता. मास्तरांनी त्याला शब्द सोडून गोष्टच सांगितली. तो म्हणाला, "सुताचं टोक खळीत बुडवा, खळ वर येतीय. सूत पानी पितंय. त्यात नवं काय?"

मास्तर खूष झाले की "छलो" म्हणत. कानडीत छलो म्हणजे छान. ते "छलो, छलो," म्हणाले आणि चिठ्ठीच्या मागे लिहिलं : आधी सुताचे उदाहरण द्यावे, मग शब्द सांगावा. उलट करू नये.

त्यांचा वर्ग मी दाराबाहेरून पुष्कळदा ऐकला आहे. मुलं व्याख्या घोकत नसत. ती हसत, भांडत, विचारत. दुसऱ्या तासाला तीच मुलं माझ्यासमोर इंग्रजी वाक्यं पाठ म्हणून दाखवत आणि मला त्याचा अभिमान वाटे.

आता त्या शब्दाविषयी सांगतो.

एका गिरणीतला गोरा इंजिनियर विलायतेला परत गेला, तेव्हा त्याच्याकडची जुनी पुस्तकं मास्तरांना मिळाली. त्यात एक पुट्ठा नसलेलं, सृष्टिज्ञानाचं जाड पुस्तक होतं. मधल्या एका चित्रात दोन अचाट प्राणी खवळलेल्या समुद्रात एकमेकांसमोर उभे होते. एक माशासारखा, लांब चोचीचा, बशीएवढ्या डोळ्याचा. दुसऱ्याची मान सापासारखी लांब, आणि पायांच्या जागी चार वल्ही. खाली दोघांना मिळून एकच नाव होतं : एनॅलिओसॉरिया. मास्तरांनी ग्रीक शब्दांचा अर्थ शोधला. पहिल्या भागाचा अर्थ समुद्रातला, दुसऱ्याचा सरडा किंवा पाल. संस्कृतात सरड्याला सरट म्हणतात. त्यांनी शब्द केला 'सागरसरट'.

पण शब्द जमला म्हणून ते थांबले नाहीत. त्यांनी एका कॉलेजच्या प्राध्यापकांना पत्र लिहून विचारलं की ही संज्ञा अजून चालते का. उत्तर आलं की चालत नाही. जुन्या विद्वानांनी दोघांना समुद्रात राहणारे, फुप्फुसांनी श्वास घेणारे, वल्ह्यासारख्या पायांचे म्हणून एका गटात घातलं होतं. पुढे हाडं नीट तपासल्यावर कळलं की दोघांची कुळं वेगळी आहेत. नंतर शास्त्रज्ञांनी ते नाव सोडून दिलं. जुन्या पुस्तकांत मात्र ते जागोजाग भेटतं.

"मग ही चिठ्ठी फाडा की," मी म्हणालो. "सोडून दिलेल्या शब्दाला मराठी शब्द कशाला?"

"आजोबांनी सोडून दिलेला अंगरखा घरात असतो, केशवराव. घालू नये. पण तो काय आहे हे नातवाला सांगता आलं पाहिजे. नाहीतर तो त्याचं फडकं करील."

त्या दिवशी ते पुस्तक घेऊनच बाजारात गेले. मी बरोबर होतो. मलकव्वाने चित्र पाहिलं आणि पदराने डोळे पुसून पुन्हा पाहिलं.

"सरट म्हंजे सरडाच न्हवं? समुद्रातला सरडा. केवढा हुता?"

"दोन बैलगाड्या एकापुढे एक लावल्या तर तेवढा."

"आता हाय?"

"नाही. फार पूर्वी संपले."

मलकव्वाने थोडा विचार केला. "सरडा मातीत अंडी घालतोय. ह्ये समुद्रात राहतंय. मग ह्यानं अंडी कुटं घालायची?"

मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. मी पदवीधर. मला उत्तर येत नव्हतं. त्यांनाही येत नव्हतं. पण त्यांचा चेहरा असा उजळला, जणू तिने त्यांना काही देऊ केलं होतं. त्यांनी प्रश्न लिहून घेतला.

नरसय्याने वेगळंच विचारलं. "ही दोगं एका आईची लेकरं काय मास्तर?"

"आधी तसं समजत होते. आता म्हणतात, नाही. याचं घराणं वेगळं, त्याचं वेगळं. दोघंही समुद्रात राहायला गेले, म्हणून दोघांच्या पायांची वल्ही झाली."

नरसय्याने धोटा थांबवला. "मग आमचंच झालं की. आमचा आजा तेलंगणातनं आला. शेजारचा शिवप्पा कानडी मुलखातला. दोगं बी मागावर बसलं. दोगांच्या बी हाताला एकाच जागी घट्टा पडला." त्याने आपला हात उलटा करून दाखवला. "गावाकडनं पाव्हणा येतो तो म्हणतो, तुमी सगळं सोलापूरवालं, एकच. त्याला काय ठावं, कोन कुटनं आलं."

मास्तर कितीतरी वेळ त्या हाताकडे पाहत होते. मग त्यांनी चिठ्ठीवर लिहिलं आणि मला वाचून दाखवलं : हे आडनाव नव्हे, पत्ता आहे. नरसय्या यांच्या बोलण्यावरून.

त्या एका वाक्यात सगळं होतं. ती संज्ञा प्राणी कुठे राहतात हे सांगते, ते कुणाचे हे सांगत नाही. जुन्यांनी पत्त्यालाच आडनाव समजण्याची चूक केली. मला हे त्या मागाशेजारी उभं असताना स्वच्छ समजलं होतं. म्हणूनच पुढचं सांगणं जड जातं.

पुण्यात काही विद्वानांनी समिती करून शास्त्रीय शब्दांचा संग्रह छापायचं ठरवलं आणि गावोगावच्या शिक्षकांकडून शब्द मागवले. मास्तरांची निवृत्ती दोन वर्षांवर आली होती. त्यांना नाव नको होतं. पण वीस वर्षांचं काम छापलं गेलं तर ते शाळांतून पोचेल, आणि कुठल्यातरी गावात एखादा मास्तर आधी सुताचं उदाहरण देईल, याची त्यांना फार ओढ होती. एरवी शांत असलेला माणूस त्या आठवड्यात दोनदा धोतरात अडखळला.

चिठ्ठ्या तशाच पाठवता येत नव्हत्या. वहीत नीट उतरवायला हव्या होत्या आणि माझं अक्षर चांगलं होतं. दिवाळीच्या सुटीत मी ते काम घेतलं.

पहिल्या दिवशी मी दोन्ही बाजू लिहिल्या. दुसऱ्या दिवशी 'केशाकर्षण' आलं. मलकव्वा म्हणाली, झिंज्या धरून ओढतात ते. मी लेखणी खाली ठेवली. समितीत माझे कॉलेजातले प्राध्यापक होते. ते माझं अक्षर ओळखणार होते. वहीच्या शेवटी 'प्रत करणार' म्हणून माझं नाव, पदवीसह, यायचं होतं. आणि त्यांनी हे वाचायचं? एक भाजीवाली, एक विणकर आणि रस्त्यावरचा कुणी, हे शास्त्राच्या शब्दांना प्रमाण म्हणून? मला लाज वाटली. मी लिहिलेली पानं फाडली आणि नव्याने सुरुवात केली. पुढची बाजू तेवढी. काम सुटसुटीत झालं, वही देखणी झाली. सागरसरटाची चिठ्ठी आली तेव्हा मी तिची मागची बाजू वाचली. नरसय्याचं वाक्य वाचलं. क्षणभर थांबलो आणि मग चिठ्ठी पालथी करून ढिगावर ठेवली.

शाळा उघडली तेव्हा मी वही मांजरपाटात शिवूनच नेली, म्हणजे कुणी उघडू नये. मास्तरांच्या चेहऱ्यावर ती एकदा चाळायची इच्छा दिसली.

"शिवलीत वाटतं?"

"टपालाची घाई होती."

"बरं केलंत." त्यांनी पार्सल उलटं केलं, मागची शिवण बोटाने चाचपली. "शिवण मागूनही सरळ आहे. छलो."

उत्तर यायला सात-आठ महिने लागले. पत्र शाळेच्या पत्त्यावर आलं. मधल्या सुटीत मास्तरांनी ते सगळ्यांसमोर उघडलं, कारण सगळेच वाट पाहत होते. दोन परिच्छेद होते. संग्रह मेहनतीने केलेला आहे, परंतु शब्दांच्या वापराविषयी संकलकास पुरेशी जाण दिसत नाही. उदाहरणादाखल सागरसरट. ही संज्ञा शास्त्राने कधीच टाकून दिली असून ती भिन्न कुळांतील प्राण्यांना एक ठरवते, हे संकलकास ठाऊक नसावे. सबब संग्रह विचारात घेता येत नाही. वही परत आली नव्हती.

मास्तरांनी पत्र वाचलं आणि उलटलं. मागे काही नव्हतं.

"काय मास्तर," ड्रॉइंग मास्तर म्हणाले, "तुमचे सरडे पुण्याच्या समुद्रात बुडाले की काय?"

"पुण्याला समुद्र नाही, ड्रॉइंग मास्तर. नकाशे काढता ना तुम्ही?"

सगळे हसले. मास्तरही. मग ते माझ्याकडे वळून हळू आवाजात म्हणाले, "वापर लिहिला होता की आपण. दोघांची कुळं वेगळी, हेही लिहिलं होतं. त्यांनी वाचलं नसेल, नाही का?"

मला बोलायची वेळ तीच होती. मी म्हणालो, "मोठी माणसं. कामं खूप असतात."

ते मान हलवून वर्गावर गेले. त्या दिवसापासून त्यांच्या रुमालात चिठ्ठी दिसली नाही. शिकवणं तसंच राहिलं, उलटून बघणंही. शब्द मात्र थांबले. दोन-तीन महिन्यांनी मी बाजारात गेलो होतो, तेव्हा मलकव्वाने मला हाक मारली.

"मास्तर आता शबुद इचारीत न्हाईत. भाजी घेत्यात, जात्यात. आमचं काय चुकलं का?"

"नाही," मी म्हणालो.

"न्हाई कसं? ते केसाचं मी भलतंच बोलले. लिवून घेतलं हुतं त्येनी. त्येनंच बिघडलं असंल."

मी वांगी घेतली आणि निघालो. एका माणसाचं काम बुडवलं होतं, आता एका बाईवर तिचा नसलेला दोषही राहू दिला. त्यानंतर मी त्या बाजूला भाजी घ्यायला थांबेनासा झालो. रस्ता तोच होता. मी समोर बघून चालत असे.

मास्तर निवृत्त होऊन वळसंगला गेले. निरोपाच्या समारंभात मी भाषण केलं. चांगलं झालं, असं लोक म्हणाले. वर्षं गेली. नरसय्या वारला. मी शाळेचा हेडमास्तर झालो. लोक मला सज्जन म्हणत आणि मीही विरोध करत नसे.

गेल्या वर्षी शास्त्राच्या खोलीतलं जुनं कपाट रिकामं करायला घेतलं. खालच्या कप्प्यात, सुताच्या दोऱ्याने बांधलेल्या, मास्तरांच्या चिठ्ठ्या होत्या. जाताना ते त्या शाळेसाठी ठेवून गेले होते आणि इतक्या वर्षांत त्या कुणी सोडल्या नव्हत्या. मी सागरसरट शोधला. पुढची बाजू मला पाठ होती. मी चिठ्ठी उलटली.

जुना मजकूर होता तसाच होता. मलकव्वाचा प्रश्न होता : अंडी कुठे? उत्तर माहीत नाही, शोधणे. पण त्याखाली दुसऱ्या शाईत नवीन ओळी होत्या. शब्द थांबले असं मला वाटलं होतं, पण या चिठ्ठीवर ते पुढेही काम करत होते. लिहिलं होतं : शोधले. त्यातील माशासारख्या जातीच्या माद्यांच्या पोटात पिल्लांचे सांगाडे सापडले आहेत. अंडी घालीत नसून पिल्लेच होत असावीत. मलकव्वास सांगितले.

आणि अगदी तळाशी, बारीक अक्षरात : समितीच्या नजरेस ही बाजू आली नाही. चूक माझी. महत्त्वाचे ते मी मागे लिहिले. पुढे लिहावयास हवे होते.

मी खुर्चीवर बसलो. बाहेर मुलं खेळत होती. माझी चूक त्यांनी आपल्या नावावर लिहून ठेवली होती, आणि ज्या पद्धतीवर त्यांचा वीस वर्षं विश्वास होता, तिलाच दोषी धरलं होतं.

त्याच रविवारी मी वळसंगची मोटार धरली. ती चिठ्ठी खिशात होती. तिच्या तळाशी अजून थोडी जागा होती. तिथे मी माझ्या अक्षरात काही ओळी लिहिल्या होत्या.

मास्तर ओट्यावर बसले होते. सुपात शेंगा होत्या, ते बोटांनी चाचपून दाणे सोलत होते. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. रुमाल तसाच बांधलेला, कपाळावर विभूती. मी नाव सांगितल्यावर हात पुढे करून त्यांनी माझा कोट धरला, टोक उलटलं आणि अस्तर चिमटीत घेतलं.

"हा कोट तो नव्हे," ते म्हणाले.

"नाही. तो फाटला."

"अस्तर टिकलं असेल."

मी म्हणालो, "मास्तर, एक चिठ्ठी वाचून दाखवायला आलोय." मी पुढची बाजू वाचली. सागरसरट ऐकून ते हसले. "वाईट नव्हता हो शब्द," म्हणाले. मग हाताने पालथं करायची खूण केली. "मागचं वाचा."

मी सगळं वाचलं. नरसय्या, मलकव्वा, त्यांच्या स्वतःच्या ओळी, आणि त्याखालच्या माझ्या. माझ्या ओळी वाचताना माझा आवाज साफ होता. इतकी वर्षं त्या वाक्यांची मी टाळाटाळ केली होती, पण बोलताना ती सोपीच निघाली.

मास्तरांचे हात सुपात थांबले. आतून गौरव्वांच्या भाकरी थापण्याचा आवाज येत होता.

"सगळ्या अकराशे?" त्यांनी विचारलं.

"सगळ्या."

"मला राग आलाय, केशवराव."

"हो."

"मी दहा वर्षं समजत होतो की माझी रीतच खोटी होती. तिघांना विचारायचं, मागे लिहायचं, हा सगळा खुळेपणा होता असं." त्यांनी एक शेंग फोडली, दाणे तसेच मुठीत ठेवले. "मग ती रीत चुकली नव्हती."

"नाही. ती कुणी पाहिलीच नाही. मी पाहू दिली नाही."

मास्तर आत तोंड करून कानडीत काहीतरी म्हणाले. गौरव्वांनी एक ताट आणून माझ्यापुढे ठेवलं. भाकरी, शेंगाचटणी, कांदा. "जेवा," मास्तर म्हणाले. "रागावलेल्या माणसाने उपाशी माणसाशी बोलू नये."

मी जेवलो. भाकरी मी उलटून पाहिली. ते त्यांना दिसलं नसणार, पण भाकरी उलटल्याचा आवाज बहुधा ऐकू आला, कारण त्यांचा चेहरा किंचित सैल झाला.

निघताना त्यांनी चिठ्ठी मागितली. बोटांनी दोन्ही बाजू चाचपल्या. "किती जणांना ऐकवलीत?"

"तुम्ही पहिले."

"म्हणजे दोन राहिले," ते म्हणाले आणि चिठ्ठी रुमालाच्या घडीत खोचली. तिचं टोक कानावर आलं. मोटारीत बसून मी मागे पाहिलं तेव्हा ते सूप मांडीवर घेऊन बसले होते आणि ते टोक वाऱ्याने हलत होतं. त्यानंतर मी त्यांना पाहिलेलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी बाजारात जाऊन मलकव्वासमोर उकिडवा बसलो. ती फार म्हातारी झाली होती. मी तिला सगळं सांगितलं. ती गवारीच्या शेंगा निवडत होती.

"म्हंजे आमचं चुकलं न्हवतं," ती म्हणाली.

"नाही, मलकव्वा. माझं चुकलं."

"मग इतकी वर्सं कुटं हुता? रोज हितनंच जाता की."

ती पुन्हा शेंगा निवडू लागली.

तिसरा रस्त्यावर भेटेल तो, असा मास्तरांचा नियम. म्हणून हे लिहिलं. तुम्ही मला ओळखत नाही, त्यामुळे मला सांभाळूनही घेणार नाही. चिठ्ठीच्या तळाशी मी लिहिलं ते असं :

या व इतर सर्व चिठ्ठ्यांची ही बाजू मी, केशव, याने जाणूनबुजून गाळली. समितीने काढलेली चूक ईरण्णा मास्तरांची नव्हती, त्यांच्या रीतीची नव्हती, मलकव्वाची नव्हती, नरसय्याची नव्हती. ती माझी होती. मास्तर, मी तुमचा अपराधी आहे. मला क्षमा करा.